अळवावरचं पाणी आणि टेकडीवरची कुसळं: निसर्गाची कॉपी नीट कशी मारायची

माझा भाचा इंजिनिअरिंगच्या थर्ड इयरला आहे. मिनी प्रोजेक्टसाठी त्यांना ‘निसर्गातली डिझाईन्स आणि सस्टेनेबल टेक्नॉलॉजी’ असा विषय मिळाला आणि हा पठ्ठ्या एका रात्रीत बावीस स्लाईडची पीपीटी करून माझ्याकडे दाखवायला आला. बुलेट ट्रेन आणि खंड्या, वेल्क्रो आणि काटेरी बी, कमळाचं पान, वारूळ आणि आफ्रिकेतली बिल्डिंग, तेच ते चार फोटो जे सगळीकडे असतात. म्हटलं, “छान आहे रे, पण यात तू काय केलंस?” तर म्हणाला, “मामा, माहिती गोळा केली.” मग ती पीपीटी बाजूला ठेवली आणि पुढचे दोन महिने आम्ही दोघांनी आमच्या पुण्यातल्या कर्वेनगरच्या बिल्डिंगच्या गच्चीवर जे उद्योग केले त्यावरून हे लिहितोय. कुणाला प्रोजेक्ट करायचाय, कुणाला घरचाच एखादा प्रॉब्लेम सोडवायचाय, त्यांना उपयोग होईल. फार काही लागत नाही. एक वही, एक भिंग आणि सकाळी लवकर उठायची तयारी, बस.

पहिलं काम म्हणजे प्रश्न नीट करून घ्या. सगळे इथेच घसरतात. आम्ही वरच्या मजल्यावर राहतो, एप्रिलमध्ये संध्याकाळी पंखा लावला की वरून गरम हवाच अंगावर येते, तर आमचा प्रश्न होता ‘फ्लॅट थंड कसा करायचा’. हा एसीच्या दुकानदाराचा प्रश्न झाला! निसर्गात कुणी फ्लॅट थंड करत बसलेलं नाहीये. त्याचं क्रियापद करा, म्हणजे नक्की काय घडायला हवंय ते लिहा. ऊन स्लॅबपर्यंत पोचू न देणं, हा एक प्रश्न. पोचलंच तर ते साठू न देणं, हा दुसरा. साठलेलं रात्रीतून बाहेर घालवणं, हा तिसरा. तिन्हींची उत्तरं वेगळी, आणि ती देणारे प्राणी-झाडंही वेगळी.

बुलेट ट्रेनचं उदाहरण लोक चुकीच्या टोकाकडून सांगतात ते याच कारणामुळे. जपानी इंजिनिअर एजी नाकात्सु यांना गाडी ‘पक्ष्यासारखी’ करायची नव्हती. त्यांची अडचण अशी होती की जोरात येणारी गाडी बोगद्यात घुसली की समोरची हवा दाबली जायची आणि दुसऱ्या तोंडातून ती लाट धडाम आवाज करत बाहेर पडायची, आसपासच्या वस्तीची झोपमोड व्हायची. हे गृहस्थ स्वतः पक्षीनिरीक्षण करणारे. त्यांनी प्रश्न असा केला की कमी अडथळ्यातून एकदम जास्त अडथळ्यात न धडकता कोण शिरतं? खंड्या! हवेतून पाण्यात सूर मारतो आणि पाणी फारसं उडत नाही. त्यावरून ५०० सिरीजच्या गाडीला १५ मीटर लांब नाक आलं, १९९७ मध्ये ती धावायला लागली ताशी ३०० किलोमीटरने, आणि विजेचा वापर सुमारे १५ टक्के कमी झाला तो वरचा बोनस. पाषाण तलावाच्या कडेला तारेवर बसलेला खंड्या हजार पुणेकर रोज बघत असतील, पण डोक्यात बोगद्याचा प्रश्न घेऊन बघणारा हवा ना.

प्रश्न तयार झाला की टेकडीवर जा. हो, इंटरनेटच्या आधी टेकडी. कारण साधं आहे, तुमच्याच उन्हात, तुमच्याच पावसात जो टिकून आहे त्याचं उत्तर तुमच्या कामाचं असण्याची शक्यता जास्त. ॲमेझॉनच्या जंगलातल्या बेडकाचा पुण्याच्या मे महिन्याशी काय संबंध! आम्ही वेताळ टेकडी धरली, तुम्ही तळजाई धरा, पर्वतीच्या मागचा भाग धरा, कुठलीही चालेल. जाताना पाण्याची बाटली आणि भिंग घ्या (मोबाईलला लावायची क्लिपवाली लेन्स मिळते ती पण मस्त), आणि काही तोडू नका, खाली पडलेलं उचला. तेवढं पुरतं.

आणि मुद्दाम लोकरी किंवा जाड सुती मोजे घालून जा. घरी आल्यावर मोज्यात जे अडकलेलं असेल ते आईच्या शिव्या खाण्याआधी भिंगाखाली बघा. आमच्या मोज्यात निघालं कुसळ. कुसळी गवताचं हे बी म्हणजे एका टोकाला टोकदार, मागे वळणारे बारीक केस, आणि वर पिळलेली लांब काळसर शेपटी. ताटलीत ठेवून त्याच्या शेपटीवर एक थेंब पाणी टाका आणि हात लावू नका. थोड्या वेळात ती शेपटी स्वतःहून फिरायला लागते! पीळ सुटतो, वाळली की परत पडतो. भाचा तर पंधरा मिनिटं नुसता थेंब टाकत बसला होता. याला मोटर नाही, बॅटरी नाही, इतकंच काय त्यातल्या पेशीही मेलेल्या आहेत, फक्त पेशीभित्तिकेतले सेल्युलोजचे धागे तिरके गुंडाळलेले असतात म्हणून ओलावा आला की फुगताना ते सरळ न फुगता पीळ बदलतात. रात्रीचं दव आणि दिवसाचं ऊन एवढ्या भांडवलावर ते बी स्वतःला जमिनीत स्क्रूसारखं पिळून घेतं.

या कल्पनेवर खरंच काम झालंय. अमेरिकेतल्या कार्नेगी मेलन विद्यापीठातल्या लोकांनी इरोडियम नावाच्या दुसऱ्या एका वनस्पतीच्या अशाच बीवरून ओक लाकडाच्या पातळ पट्टीचं बी-वाहक बनवलं, विमानातून किंवा ड्रोनमधून टाकायचं, पाऊस पडला की स्वतःच जमिनीत शिरणारं, २०२३ मध्ये ‘नेचर’ या विज्ञानपत्रिकेत आलं होतं. यातली मला सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे त्यांनी कॉपी जशीच्या तशी मारली नाही. मूळ बीला एकच शेपटी, ती सपाट जमिनीवर आडवी पडून राहते आणि बी घुसतच नाही. यांनी तीन शेपट्या लावल्या, मग सपाट जमिनीवर दोनदा भिजून वाळल्यावर सुमारे ८० टक्के वेळा जमलं. निसर्गाचं डिझाईन परफेक्ट असतं असं जे कुणी सांगतं ना, त्याला हे दाखवा. त्या बीला दगडांच्या फटी, पालापाचोळा सगळं मिळत असतं, तुमच्या नांगरलेल्या शेताशी त्याला देणंघेणं नाही.

वेल्क्रोबद्दल दोनच ओळी. जॉर्ज द मेस्ट्राल, स्वित्झर्लंड, १९४१ ला कुत्र्याला फिरवून आल्यावर त्याच्या केसात अडकलेली बोंडं त्यांनी मायक्रोस्कोपखाली बघितली, पेटंट मिळायला १९५५ उजाडलं. गोष्ट भारी आहे पण वेल्क्रो बनतो नायलॉनचा, त्यामुळे ‘निसर्गावरून घेतलंय म्हणजे पर्यावरणाला चांगलं’ हे समीकरण इथेच फाटतं. प्रोजेक्टमध्ये टाकणार असाल तर हेही टाका.

आता पुढचं काम, आणि यात घाई करू नका: ते का चालतं हे स्वतःच्या हाताने तपासायचं. त्यासाठी सगळ्यात स्वस्त लॅब म्हणजे मंडईतली अळूची जुडी. अळवावरचं पाणी आपण आयुष्यभर म्हणत आलोय पण नीट बघितलंय किती जणांनी? एक ताजं पान घ्या, न धुता, न पुसता. चमच्याने दोन थेंब टाका. मण्यासारखे गोल उभे राहतात, पान जरा तिरकं केलं की पळतात. आता पानावर चिमूटभर हळद भुरभुरवा आणि परत एक थेंब सोडा. थेंब हळद गोळा करत करत खाली जातो आणि मागे स्वच्छ हिरवी वाट ठेवतो. आता खरी मजा. त्याच पानाच्या अर्ध्या भागावर अंगठा जरा दाबून घासा आणि मग पाणी टाका. तिथे थेंब फतकल मारून बसतो, हलतच नाही!

म्हणजे काय झालं? पान गुळगुळीत किंवा तेलकट आहे म्हणून पाणी पळत नव्हतं, उलट ते खडबडीत आहे म्हणून पळत होतं. काही मायक्रॉनचे (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) उंचवटे, त्यांच्यावर मेणाचे आणखी बारीक कण, आणि थेंब या टोकांवर टेकतो, मधे सगळी हवा. धूळही टोकांवरच टेकलेली, तिला पानापेक्षा थेंब जवळचा वाटतो म्हणून ती थेंबाबरोबर जाते. अंगठ्याने ती मेणाची नक्षी मोडली, खेळ खलास. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म बार्थलॉट यांनी सत्तरच्या दशकात मायक्रोस्कोपखाली हेच बघितलं, कमळावरून त्याला लोटस इफेक्ट नाव पडलं, आणि १९९९ ला यावर आधारलेला बाहेरच्या भिंतींचा रंग बाजारात आला. डिटर्जंट न वापरता भिंत पावसात धुऊन निघते.

भाच्याला लगेच आयडिया आली, “मामा, सोसायटीच्या सोलर पॅनलवर असलं कोटिंग मारू, धूळच बसणार नाही!” चांगली आहे. पण इथे थांबून पुणेरी प्रश्न विचारायचा. अळूचं पान स्वच्छ व्हायला पाणी लागतं. आपल्याकडे पॅनलवर धूळ बसते कधी? दिवाळीनंतर ते मेपर्यंत, शेजारी कुठे ना कुठे टॉवर चालू असतो त्याची सिमेंटची धूळ, आणि नेमका त्याच काळात पाऊस नाही. जूनमध्ये पॅनल तसेही धुतले जातात. म्हणजे अळवाची आयडिया आमच्यासाठी बरोबर गरज नसते तेव्हा चालणार. अगदीच फुकट नाही, धुताना पाणी कमी लागू शकतं, टँकरच्या दिवसात तेही नसे थोडके, पण ‘आपोआप स्वच्छ’ नाही म्हणता येणार. कोरड्यात स्वच्छ कोण राहतं हे शोधायचं असेल तर भिंतीवरची पाल बघा, तिचे पाय धुळीत भरले तरी काही पावलं टाकली की पाण्याशिवाय साफ होतात. आमच्या मातोश्रींनी पालीवर प्रयोग करायला सक्त मनाई केल्यामुळे तो विषय तिथेच संपला.

वारुळाकडे येऊ. हे उदाहरण मी मुद्दाम सांगतो कारण यात मोठमोठ्या जाणकारांचाही अंदाज थोडा चुकला होता. झिम्बाब्वेतल्या हरारेमध्ये ईस्टगेट सेंटर नावाची बिल्डिंग आहे, आर्किटेक्ट मिक पिअर्स, १९९६ साली पूर्ण झाली, नेहमीसारखं मोठं एअर कंडिशनिंग नाही. तेव्हाची समजूत अशी की वाळवी वारुळातून गरम हवा धुराड्यासारखी वर सोडते आणि आत थंड ठेवते. नंतर स्कॉट टर्नर, रूपर्ट सोअर वगैरे संशोधकांनी वारुळं खणून, मोजून सांगितलं की बाबांनो, वारूळ एसी नाहीये, ते फुप्फुस आहे. खाली राहणाऱ्या लाखो जिवांना श्वास घ्यायचाय, कार्बन डायऑक्साईड बाहेर टाकायचाय, तापमान बरंचसं जमीनच सांभाळते. २०१५ मध्ये तर बंगळुरूमधल्या वारुळांवरच मोजमापं झाली. दिवसा बाहेरच्या पातळ भिंती तापतात तेव्हा त्यांच्यातली हवा वर जाते आणि मधल्या भागातली खाली येते, रात्री भिंती गार पडल्या की चक्र उलटं फिरतं.

मग ईस्टगेट चालते कशी? तिथे रात्रीची गार हवा पंख्यांनी आत घेऊन काँक्रीट गार करून ठेवतात आणि दिवसभर ते काँक्रीट उष्णता पीत राहतं. वारुळाच्या गोष्टीतून सुचलं, पण चालतं स्वतःच्या हिशोबाने. आणि ही युक्ती पुण्यात बऱ्यापैकी लागू होते कारण मार्च-एप्रिलमध्ये आपल्याकडे दुपार भाजते पण पहाटे पांघरूण घ्यावंसं वाटतं. रात्री जाळीच्या खिडक्या समोरासमोर उघड्या, किचनचा एक्झॉस्ट चालू, आणि सकाळी नऊच्या आत सगळं बंद, पडदे ओढलेले. बाजूच्या काकू म्हणतात घर कोंदट करून बसलात. बसलो तर बसलो. मुंबईत हे करू नका हं, तिथे रात्रही दमटच.

तरी वरच्या मजल्याला एवढ्यावर भागत नाही, स्लॅब रात्री अकरापर्यंत उष्णता ओकत असतो. म्हणून पहिला प्रश्न, ऊन पोचूच न देणं. परत टेकडी. एप्रिलमध्ये बघाल तर बरीच झाडं पानं टाकून मोकळी झालेली असतात, जी हिरवी दिसतात त्यात बाभूळ आहे, हिवर आहे, खाली रस्त्यावर चिंच आहे, आणि यांची पानं बघा, एवढीएवढीशी. चिंचेखाली उभे राहा आणि मग बसस्टॉपच्या पत्र्याखाली उभे राहा. सावली दोन्हीकडे आहे पण पत्र्याखाली डोकं तापतं. कारण पत्रा स्वतः तापतो आणि खाली उष्णता फेकतो. मोठ्या सपाट वस्तूवरून वारा जाताना हवेचा एक थर तिला चिकटून राहतो आणि पुढे पुढे गोधडीसारखा जाड होत जातो, त्यामुळे उष्णता निघून जात नाही. चिंचेच्या पानात गोधडी जाड व्हायच्या आत पानच संपतं, पुढच्या पानावर नवा हिशोब. त्यामुळे ते आसपासच्या हवेपेक्षा फार तापत नाही. जपानमध्ये क्योटो विद्यापीठातल्या सातोशी साकाई यांनी याच तत्त्वावर छोट्या तुकड्यांचं, भोकंभोकं असलेलं छत बनवलंय.

आम्ही काय केलं ते सांगतो, आधी केलेल्या मूर्खपणासकट. पहिल्यांदा जुनी मोठी चादर चार दोऱ्यांनी बांधली. वळवाचा पाऊस आला त्या संध्याकाळी ती शिडासारखी फुगली आणि शेजारच्या बिल्डिंगच्या टाकीवर जाऊन पडली, आणायला गेलो तेव्हा तिथल्या वॉचमनने जे ऐकवलं ते लिहीत नाही. म्हणून चादर नाही. बांबूच्या चार फूट बाय चार फुटाच्या चौकटी करा, त्यावर वीतभर अंतराने सुतळी ताणा आणि तळहाताएवढे तुकडे एका कडेने शिवा, दुसरी कड मोकळी, म्हणजे वारा आला की ते हलतात, पिंपळाच्या पानासारखे. तुकडे कशाचे? पुण्यात याची ददात नाही, भाऊंच्या वाढदिवसाचे उतरलेले फ्लेक्स! पांढरी बाजू वर ठेवा, भाऊ खाली. एका चौकटीवर तुकड्यांचे दोन थर, मधे चार बोटं जागा, वरच्या थरातल्या फटीतून आलेलं ऊन खालचा थर पकडेल असे. आणि चौकट स्लॅबपासून कमीत कमी दोन फूट वर, विटांवर किंवा जुन्या टेबलाच्या पायांवर. कठड्याला बाईंडिंग वायरने नीट बांधा, भोकं असली तरी वारा तो वारा.

मोजल्याशिवाय मात्र काही बोलायचं नाही. गच्चीचे चार भाग करा: उघडा स्लॅब, पांढरा चुना मारलेला, सपाट कापडाखालचा, आणि तुकड्यांच्या चौकटीखालचा. प्रत्येक ठिकाणी साधा थर्मामीटर उलट्या कुंडीखाली ठेवा, सकाळी, दुपारी दोनला, संध्याकाळी आणि रात्री दहाला वहीत आकडा, आठवडाभर. कोरोनातली कपाळाला लावायची गन इथे चालत नाही, ती शरीराच्या तापमानापुरतीच असते. आमच्याकडे काय झालं? चौकटीखालचा स्लॅब दुपारी अनवाणी उभं राहण्यासारखा होता, उघड्यावर दोन पावलं टाकवत नव्हती. पण खरं सांगायचं तर नुसत्या चुन्यानेही बरंच काम केलं, आणि चुना चौकटीच्या मानाने अगदीच स्वस्त. भाच्याला हे रिपोर्टमध्ये लिहायचं नव्हतं, “मामा, मग आपलं डिझाईन कशाला?” मी लिहायला लावलं. शेवटी आम्ही दोन्ही ठेवलं, खाली चुना वर चौकट, कारण धूळ बसून चुना काळवंडला की त्याची धार जाते.

गच्चीवर पाणी शिंपडून गार करायचा विचारही झाला होता. आफ्रिकन हत्तीच्या कातडीतल्या बारीक भेगा सपाट पृष्ठभागापेक्षा ५ ते १० पट जास्त पाणी धरून ठेवतात, त्यावरून खाचांच्या मातीच्या टाइल्स करू असं ठरलं, आपला माठही शेवटी बाष्पीभवनानेच पाणी गार करतो. पण मे महिन्यात टँकरचं पाणी स्लॅबला पाजायचं म्हणजे सोसायटीच्या मीटिंगमध्ये उभं करून हाणतील. आयडिया बाद. हत्तीजवळ नदी असते.

इथे एक मोठं उदाहरण आठवतं, ते आपल्याच जिल्ह्यातलं. लवासाच्या मास्टर प्लॅनमध्ये एचओके या डिझाईन कंपनीबरोबर अमेरिकेतल्या बायोमिमिक्री गिल्डचे लोक होते (बायोमिमिक्री म्हणजे हीच, निसर्गाची कॉपी मारणं). सह्याद्रीतलं जंगल पाऊस कसा अडवतं, जिरवतं, हे बघून शहर आखायचं असा विचार होता, विचार म्हणून उत्तमच. पण २०१० मध्ये पर्यावरण मंत्रालयाची काम थांबवायची नोटीस आली आणि २०१८ मध्ये प्रकरण दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेलं. डोंगर कापायचा की नाही हा प्रश्न छपराचा आकार पानासारखा करून सुटत नाही. उलट पुण्यातल्याच सृष्टी इको रिसर्च इन्स्टिट्यूटचं ग्रीन ब्रिजचं काम बघा, नाल्यात काथ्या, दगड, झाडं यांचे आडवे बांध घालून ओढा स्वतःला साफ करतो तीच प्रक्रिया जोरात करायची, उदयपूरच्या आहड नदीवर केलंय. दिसायला काही भारी नाही. पीपीटीत फोटो चांगला येत नाही, एवढाच तोटा.

तर शेवटची तपासणी तुमच्या वस्तूचीही करा: ती संपल्यावर तिचं काय होणार? मे सरता सरता आम्ही चौकटी उतरवल्या तेव्हा फ्लेक्सचे तुकडे उन्हाने कडक होऊन कोपऱ्यातून चुरा व्हायला लागले होते. चिंचेचं पान गळलं तर खत होतं, आमचं पान गळलं तर गच्चीच्या पाइपातून नाल्यात प्लॅस्टिक. त्यामुळे या वर्षी बांबूच्या कामट्यांचेच तुकडे करायचे ठरवलं आणि बुरूड आळीत गेलो. काकांना चित्र काढून दाखवलं. ते बराच वेळ कागद फिरवून फिरवून बघत होते, मग म्हणाले, “अहो एवढी भोकं ठेवायची तर सावली कशाला म्हणता?” मी मोबाईलमधला चिंचेखालचा फोटो दाखवला, खालून वर काढलेला. त्यांनी चष्मा वर केला, फोटो मोठा करून बघितला आणि म्हणाले, “बरं. साडेतीनशे पडतील एकाला. आणि सुतळी तुमची.”